मालकांनाच दिलं!

"मत मालकांनाच दिलं, बरं का!" मतदान करून बाहेर पडणारं प्रत्येक कूळ टोपी काढून मर्डोला सांगत होतं.

स्कॉटलंडच्या त्या परगण्यात आजवर मत चारचौघांत मोठ्याने सांगावं लागे. जहागीरदारांचा कारभारी मर्डो समोरच उभा असे, त्यामुळे मालक हटकून निवडून येत. मागल्या खेपेला मर्डोच्या मेहुण्याने दुसरं नाव घेतलं, तर मर्डोलाच त्याचं बिऱ्हाड रस्त्यावर काढावं लागलं. यंदा नवा कायदा आला होता: चिठ्ठीवर गुपचूप फुली मारायची, पेटीत टाकायची. मर्डोनेही सकाळीच टाकली होती.

मालक सपशेल पडले.

"कोण उलटलं?" ते गरजले.

"सगळे म्हणतायत, तुम्हालाच दिलं."

"आणि तू?"

मर्डोनेही टोपी काढली. "मत मालकांनाच दिलं, बरं का!"