एकोणपन्नास घरांचं पान

‘अलिफचा एक, बेचे दोन, जीमचे तीन…’

म्हसा गावाजवळच्या दर्ग्यात तिथले मुजावर दाऊदचाचा अक्षरांचे आकडे घोकायचे. कुंपणाशी उभी राहून सारिकानं लहानपणी ऐकलेला तो आवाज. मग आई तिला हाताला धरून ओढायची. ‘‘चल गो. गंडेदोऱ्यांच्या दारात आपलं काय काम?’’

आई, रत्नप्रभाबाई, शाळेत शिक्षिका. बुद्धविहारात उभं राहून तिनं कित्येक बायांच्या गळ्यातले ताईत उतरवायला लावले होते.

आज सारिका त्याच दर्ग्यात बसली होती. मुंबईच्या एका ग्रंथालयासाठी ती जुनी अरबी हस्तलिखितं तपासायची. समोर चाचांची पोथी होती. सातशे वर्षांपूर्वीच्या अक्षरविद्येच्या ग्रंथाची नक्कल. अल्लाच्या एकेका नावाचा आकडा, आकड्यांचे चौकोन, आणि त्या घराघरांतून त्याच्यापर्यंत चढत जाणारी सुफींची वाट. एकच पान नव्हतं. एकोणपन्नास घरांच्या चौकोनाचं. मुळापासून कापलेलं.

‘‘चाचा, अशी सुटी पानं परदेशात विकली जातात. कोणाला विकलंत?’’

‘‘विकलं नाय, पोरी. दिलं.’’

‘‘कोणाला?’’

‘‘नाव घेणार नाय, असा शब्द दिलाय.’’

‘‘मग मला अहवालात विकलं असंच लिहावं लागेल. दर्ग्याचा ट्रस्ट तुमच्याकडून किल्ली काढून घेईल.’’

‘‘लिव. चाळीस वर्सं झाडलोट केली. आता दुसरा कोनी करल.’’ चाचांनी तिच्याकडे निरखून पाहिलं. ‘‘तुजी तब्येत बरी हाय ना? लय सुकलीस.’’

सारिकानं पेन उघडलं.

आई दाराबाहेर उभी होती. सकाळी अहवालाचं ऐकल्यावर ती न बोलावता रिक्षात येऊन बसली होती.

‘‘बाई, उन्हात कशाला? आत या,’’ चाचा म्हणाले.

‘‘नको.’’

सारिका लिहू लागली. ‘मुजावरांनी सदर पान…’

‘‘थांब गो.’’ आईनं चपला काढल्या. आयुष्यात पहिल्यांदा आत आली, असं सारिकाला वाटलं.

‘‘आई, तू यात पडू नको. तुला काय माहीत त्यातलं?’’

‘‘चाचांनी विकलं नाय. मी कापलं.’’

‘‘बाई, राहू द्या,’’ चाचा म्हणाले.

‘‘नाय चाचा, आता पुरे.’’ आई खाली बसली. ‘‘तू दोन वर्षांची होतीस. कल्याणच्या डॉक्टरनं हात टेकले होते. चाचा नवा चौकोन लिहून देत होते, पण मीच अडून बसले, पोथीतलं जुनं पानच हवं म्हणून. त्या पानाची सगळी शाई मी पाण्यात उतरवली, आणि चमच्याचमच्यानं तुला पाजली.’’