पहिली गाठ

“गाठ तू सोडतेस की मी सुरी लावू?” झिपारनं विचारलं.

तिची आई, बुरुल, ऐकू न आल्यासारखी लोकर पिंजत राहिली. पोरीनं सुरी काढली तरी ती लावणार नाही, हे तिला पक्कं ठाऊक होतं. छपराच्या दोराची पहिली गाठ घरातल्या सगळ्यांत मोठ्या बाईनंच सोडायची. ती सुटल्याशिवाय नमद्याचं, म्हणजे दाबलेल्या लोकरीचं, फिरतं घर जागचं हलत नाही. कुरणावरच्या बाकी बायका वर्षातून चार-चार वेळा ती सोडत. बुरुलनं सात वर्षांत एकदाही सोडली नव्हती.

शेजारचा म्हातारा तुर्गुन शेवटचे याक हाकत उताराला लागला होता. जाता जाता त्यानं हाळी दिली, “काय वहिनी, यंदा तरी उठताय, की अंडी उबवताय तिथं?”

“तुम्ही जपून उतरा, भावोजी. याक पोचतील, गुडघे मागं राहतील तुमचे!” बुरुलनं आतूनच उत्तर फेकलं.

तुर्गुन हसत गेला आणि त्याच्यामागं कुरण रिकामं झालं. गवत संपलं होतं, शिखरांवर पांढरं उतरलं होतं. गेल्या हिवाळ्यात अकरा मेंढ्या इथंच गारठून मेल्या. झिपारही खोकून खोकून मरता मरता वाचली. ती इथं अजून एक हिवाळा काढेल असं कुणालाच वाटत नव्हतं, तिला स्वतःलाही नाही.

“आपण निघालो नि एसेन आला तर?” बुरुल म्हणाली. हे तिचं दरवर्षीचं उत्तर. “घर जागेवर दिसलं नाही तर पोरगं जाईल कुठं?”

“सानार बघून येईल. सगळे येतात तसा.” झिपार तिच्यासमोर उकिडवी बसली. “आई, तू दादाची वाट बघत नाहीयेस. तू मोजायला भितेस.”

बुरुलचे हात थांबले.

घर उचललं की चुलीच्या जागेवर दूध शिंपडतात. महिनोन्महिने झाकलेल्या त्या मातीवर ऊन पडलं, की चहा उकळेपर्यंत सानार उगवतं. घरातलं जे माणूस जिवंत असेल त्याची एक काडी येते, आणि ते जिथं असेल तिकडं झुकते. मोठ्या माणसाची काडी हातभर, तान्ह्याची बोटभर. सुनेची लग्नाच्या सालापासून येऊ लागते. मोठ्या बाईनं काड्या मोजायच्या आणि मगच निघायचं. मागून येणारा त्या झुकलेल्या काड्या बघत बिनचूक आपल्या माणसांत पोचतो, भर हिमातसुद्धा.

नवरा मीठ आणायला गेला होता त्या शरदात बुरुलनं काड्या मोजल्या, तेव्हा चारच्या जागी तीन भरल्या. लोक त्याचं प्रेत घेऊन आले ते दहा दिवसांनी. ते दहा दिवस ती कुणाशी एक अक्षर बोलली नव्हती.

आणि सात वर्षांपूर्वी एसेनला तर तिनंच घालवलं होतं. एका घोड्यावरून शब्दाला शब्द वाढला आणि “पुन्हा तोंड दाखवू नकोस” असं ती बोलून गेली. तो त्याच पावली खिंड ओलांडून गेला. उभ्या जन्मात आईचं न ऐकणाऱ्या पोरानं तेवढं एकच ऐकलं.

झिपारला उबळ आली. आईला दिसू नये म्हणून ती तोंडावर बाही धरून बाहेर गेली. पण नमद्याच्या भिंतीतून सगळं ऐकू येतं. एका काडीच्या भीतीनं आपण दुसरी हातानं उपटतोय, हे बुरुलला त्या क्षणी लख्ख कळलं. ती उठली. गाठ सात वर्षांच्या उन्हापावसानं दगड झाली होती. तिनं दात लावून सोडवली.

सामान लादताना झिपारच्या हाताला जुना लाकडी पाळणा लागला.

“हा कशाला न्यायचा? चहापुरतं जळण तरी होईल.”

“तुम्ही दोघं त्यात वाढलात. बांध गपचूप.”

झिपारनं तो सगळ्यांत आधी याकाच्या पाठीवर टाकला आणि वर नमदे रचले. दुपारी उघड्या मातीवर ऊन आलं. बुरुलनं दूध शिंपडलं, बाजूला किटली चढवली आणि ती चुलीच्या जागेकडं पाठ करून बसली.

“मोज आता,” झिपार म्हणाली.

“तूच मोज. माझ्या डोळ्यांत धूर जातोय.”

धूर उलट्या दिशेला चालला होता. झिपार खाली वाकली.

“ही तुझी. ही माझी.” आणि ती थांबली.

किटलीचं झाकण वाजत राहिलं. बुरुलनं डोळे मिटून घेतले. दोनच, तिच्या मनात आलं. सात वर्षं हेच ऐकायचं टाळलं होतं.

“आई, तू ये इकडं. मला नीट मोजता येत नाहीये.”

बुरुल गुडघ्यांवर सरकत गेली. दोन काड्या त्या दोघींकडं झुकल्या होत्या. पलीकडं खिंडीच्या दिशेनं वाकलेली तिसरी होती, चांगली हातभर. बुरुलनं ती चाचपून पाहिली आणि तिला रडू फुटलं. त्या काडीच्या शेजारी तेवढीच आणखी एक होती. आणि त्या दोन्हींच्या मध्ये एक कोवळी, जेमतेम बोटभर.

ती पोटभर रडली. मग नाक पुसून उठली आणि लादलेल्या याकाकडं गेली.

“उतरव हे सगळं,” ती म्हणाली.

“आई! आता पुन्हा इथंच राहायचंय?”

“पाळणा तळाशी गेलाय, बावळट. तो सगळ्यांत वर हवा.”