शाओ पडद्यावर काय बोलायचा

हे मी लिहिणारच नव्हतो. माझा धंदा बोलण्याचा. निंगपोच्या थिएटरात पडद्याशेजारी उभा राहून मी चित्रपट समजावून सांगतो. चित्रं मुकी, आणि पडद्यावरची अक्षरं वाचता येतात किती जणांना?

पण शाओ वेईथिंग पडद्यावर आला की माझेही शब्द अपुरे पडायचे. कुठल्या गावचा, कुणास ठाऊक. नावसुद्धा शांघायच्या कंपनीनं दिलेलं. दहा वर्षांत तीस चित्रपट. त्याचा चेहरा पडदाभर झाला की खेळ बघत कलिंगडाच्या बिया फोडणाऱ्या बायकांचे हात थांबायचे. प्रत्येक चित्रपटात एकदा तरी तो सरळ आपल्याकडे बघून काहीतरी बोलायचा. मी म्हणायचो, "प्रिये, पुढच्या जन्मी भेटू!" की सगळं थिएटर रडायला लागायचं.

हसायचा एकटा लियांग. माझा दोस्त, सुतार. नवव्या वर्षी तापात त्याचे कान गेले. त्याच्याशी बोलायचं तर समोर, उजेडात उभं राहायचं. उत्तर तो पाटीवर लिहून द्यायचा. शाओचा चित्रपट लागला की रोज पहिल्या रांगेत.

"त्या ठोंब्याला हाकल रे," मालक हू करवादायचे. "लोक रडतायत आणि हा खिदळतोय!"

"तिकीट काढतो ना मालक? मग हसू द्या की."

मग बोलपट आले. कंपनीनं शाओला पहिलं मोठं काम देऊ केलं. तो नाही म्हणाला. कंपनीनं महिनाअखेरपर्यंत मुदत दिली. बोल, नाहीतर घरी बस.

"आवाज बदकाचा असणार!" चहाच्या दुकानात सगळ्यांचं एकमत झालं. संध्याकाळच्या खेळात, शाओचा चेहरा पडदाभर असताना, मी बदकासारखा ओरडलो. जाम हशा पिकला.

खेळ संपल्यावर लियांगनं मला बाहेर ओढलं. लोक का हसले, ते त्याला कळायला हवं होतं. मी सांगितलं. तो हसला नाही. पाटीवर लिहिलं, 'मी त्याला पत्र टाकलंय. होकार दे म्हणून.'

"तू? आणि तो तुझं ऐकणार?"

त्यानं पुसून लिहिलं, 'तो आपल्याकडे बघून बोलतो, त्या वेळी तू काय सांगतोस?'

"प्रिये, पुढच्या जन्मी भेटू."

लियांगच्या खांद्यांना हसू आवरेना. खडू करकरला. 'तो म्हणतो, धाकट्या, जेवलास का? या नायिकेच्या तोंडाला लसणाचा वास येतोय.'

म्हणजे माझ्यासारखेच शाओचेही ओठ तो वाचत होता. तीस चित्रपट. दर खेळाला भरलेलं थिएटर.

त्यानं पुन्हा पुसलं. 'बोलपटात दुसऱ्यानं लिहिलेलंच बोलावं लागतं. म्हणून अडून बसलाय.' मग खाली, बारीक अक्षरात, 'मी ऐकला तेव्हा दादाचा आवाज फुटलाही नव्हता. आता कसा आहे?'

मी समोर, दिव्याखाली उभा राहिलो. "त्याच्या बोलपटाच्या पहिल्याच खेळाला जाईन," म्हणालो, "आणि कसा आहे ते तुला लिहून देईन."