शेवटच्या गाण्यातला आवाज

“माझा आवाज त्यातून काढून टाक, रोलंड. आजच्या आज.”

रोलंड बुटाची नाडी बांधता बांधता थांबला. चर्चच्या तळघरातल्या हॉलमध्ये खुर्च्या भरत आल्या होत्या. त्याच्या अल्बमला पंचवीस वर्षं झाली म्हणून न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्समधली सगळी वस्ती लोटली होती. पुढच्या महिन्यात तो अल्बम नव्यानं निघणार होता. आणि पडद्यामागे, अंगातला कोटही न काढता, लमाँटची आई उभी होती. सगळे त्यांना मिस लोरेटा म्हणत.

लमाँट हा रोलंडचा जिवलग मित्र. दोघं इमारतीच्या जिन्यात बसून रॅप रचायचे. त्याच जिन्यात, दिवा गेलेला असताना, एका पोलिसानं लमाँटवर गोळी झाडली. लमाँटच्या हातात घराची किल्ली होती. पिस्तूल वाटलं, असं तो पोलीस कोर्टात म्हणाला आणि सुटला. लमाँटला पुरून आल्यावर रोलंड टेपरेकॉर्डर घेऊन मिस लोरेटांच्या स्वयंपाकघरात बसला होता. त्या जे बोलल्या, ते त्यानं अल्बमच्या शेवटच्या गाण्यात तसंच्या तसं घातलं.

त्यांनी स्वतः तो अल्बम कधी लावला नाही. पण तो त्यांना सोडत नव्हता. जाणाऱ्या गाडीतून, न्हाव्याच्या दुकानातून, शेजारणीच्या नातवाच्या फोनमधून त्यांचाच आवाज अंगावर यायचा. मग त्या रस्ता ओलांडायच्या.

“पोरं अजून ऐकतात, मिस लोरेटा. कॉलेजात शिकवतात. म्हणतात, कालच केल्यासारखा वाटतो.”

“कॉर्नब्रेडसुद्धा दुसऱ्या दिवशी दगड होतो. तुझा हा मेला अल्बम शिळा कसा होत नाही रे?”

“व्हायला हवा होता,” रोलंड म्हणाला. “मला वाटलं होतं, दोन-चार वर्षांनी लोक विचारतील, हा कशाबद्दल बोलतोय?”

“ते टाळ्या वाजवतात आणि माझं पोर पुन्हा मरतं. बास झालं.”

त्यानं वाद घातला नाही. “काढतो,” म्हणाला आणि साउंडवाल्याला सांगायला गेला.

मिस लोरेटा बाजूच्या दाराकडे वळल्या. तिथं पस्तिशीची एक बाई वाट अडवून उभी होती. टी-शर्टवर एका पोराचा हसरा फोटो, खाली जन्माचं साल आणि यंदाचं साल. मिस लोरेटांनी तिकडे पाहिलंच नाही.

“सही हवी असेल तर तो आत गेलाय.”

“मला तुम्ही हव्या आहात. मी तवाना.” आणि ती एकदम म्हणायलाच लागली, पाढे म्हणावेत तशी, सपाट. “‘दार वाजलं तेव्हा मी भेंडी चिरत होते. वाटलं, लमाँट किल्ली विसरला. मी ओरडले, उघडंच आहे की रे, गाढवा. कुणी आत येईना. मग मीच गेले. दोघं पोलीस टोप्या काढून उभे होते...’”

मिस लोरेटांनी आता टी-शर्टवरच्या त्या फोटोकडे पाहिलं.

“सातवीत होते तेव्हापासून पाठ आहे,” तवाना म्हणाली. “बसमध्ये मैत्रिणींबरोबर म्हणायचे. तेव्हा ते गाणं होतं. गेल्या गुरुवारी माझं दार वाजलं. माझा पोरगा, जेरेल, गेला. आणि त्या दोघांसमोर माझ्या तोंडून तेच बाहेर पडलं. तुमचंच, शब्दन् शब्द. मला माझं म्हणून काही सुचलंच नाही.”

हॉलमध्ये ढोलाचा ठेका सुरू झाला. लोक नाव घेऊन रोलंडला बोलावू लागले.

“पण तुमचं बोलणं दारातच संपतं, मिस लोरेटा. मी अजून तिथंच उभी आहे. दार लावल्यावर तुम्ही काय केलंत?”

रोलंड घाईघाईनं परत आला. “सांगितलंय त्याला. आजपासून तुमचा आवाज नसेल.”

“राहू दे तो आवाज,” त्या म्हणाल्या. “जा तू. लोक खोळंबलेत.”

तो गेला. मिस लोरेटांनी कोट काढला, दोन खुर्च्या समोरासमोर ओढल्या आणि तवानाचा हात धरून तिला खाली बसवलं.

“ऐक, पोरी. त्यापुढचं मी अजून कुणालाच सांगितलेलं नाही.”