पिवळा स्वेटर

शपथ घेऊन सांगते, यातला शब्द न् शब्द खरा आहे. खोटा निघाला तर माझे उरलेले चार दातही पडोत.

घड्याळजी संथखोलीत शिरायलाच तयार होईना. दारात उभा राहून खोकत होता. फुप्फुसांची चाळणी झालेली. डॉक्टरांनी दीड महिना दिला होता. औषध निघणार होतं म्हणे, पण वीस-पंचवीस वर्षांनी.

"ती वर्षं इथं काढायची," काळमास्तर म्हणाला. काळ कसा ताणायचा, कसा सैल सोडायचा, याचं शास्त्र त्याच्या हातात होतं. "आत एक दिवस जातो तेव्हा बाहेर वर्ष उलटतं. तुमचे पंचवीस दिवस जातील फक्त. पण कडी आतून आहे. मध्येच काढलीत, तर त्या माणसाला ही खोली पुन्हा लागू पडत नाही. मग दीड महिना, आणि खेळ खलास."

"आणि ही?" घड्याळजीने बायकोकडे बोट केलं. "ही बाहेर म्हातारी होणार आणि मी आत भिंती मोजत बसणार?"

"मी काचेपाशी बसेन ना," बायको म्हणाली. "अहो, निमूट आत जा. कधी नव्हे ते बसून खायला मिळतंय."

काळमास्तराने काच दाखवली. बाहेरचं माणूस आतून धड दिसत नाही. नुसतं थरथरतं. ना नाक कळत, ना डोळे. कळतो तो रंग. म्हणून तिथली रीत अशी, की ज्याचं माणूस आत, त्याने एक रंग ठरवायचा आणि रोज तोच अंगात घालून काचेसमोरच्या स्टुलावर बसायचं.

बायकोने पिवळाजर्द स्वेटर विणून आणला होता. बाह्या बरोब्बर मनगटापर्यंत.

"दहा मिनिटं पिवळं दिसलं नाही, तर मी समजेन तू गेलीस," घड्याळजी म्हणाला. "मग मला जगून काय करायचंय? कडी काढीन."

त्याची दहा मिनिटं म्हणजे बाहेरचे अडीच दिवस. काळमास्तराने ते भिंतीवर खडूने लिहून ठेवलं.

सोबत घड्याळजीची धाकटी बहीण आली होती. आईवेगळी, भावानेच अंगाखांद्यावर वाढवलेली. ताडमाड उंच, म्हणून वहिनी तिला लांबडी म्हणायची. लाँड्रीत कामाला होती.

"वहिनी, दमलीस तर मी बसत जाईन गं. पिवळं तर पिवळं."

"तुला कुठला होतोय हा? तुझे हात असले की विहिरीला दोर नको! तू आपली धुवायचं बघ."

"ते मीच बघणार. तू गरम पाण्यात बुचकळशील आणि लोकर आटवून ठेवशील."

घड्याळजीला हसू आलं, हसता हसता खोकला आला, आणि त्या उबळीतच तो आत गेला. कडी लागली.

मग सुरू झालं बसणं. बायको स्टुलावर, लांबडी कामावरून सुटली की शेजारी जमिनीवर. आतला माणूस पुतळ्यासारखा. त्याने एक जांभई दिली तर अर्धा तास चालली.

"पहिल्यापासून आळशीच," लांबडी म्हणाली.

त्याची एक रात्र चार-चार महिने चालायची. तेव्हाही स्टूल रिकामं राहिलं नाही. मध्येच डोळा उघडला तर?

दुसऱ्या हिवाळ्यात तापाची साथ आली. या दोघींतली एक गेली, दोन दिवसांत. दुसरीने तिला सकाळी पोचवलं आणि दुपारी पिवळा स्वेटर घालून स्टुलावर येऊन बसली.

काळमास्तर शेजारी येऊन उभा राहिला. "आतल्याला कळवायचं का? काचेला पाटी लावता येते."

"नको. कडी काढेल तो."

"एक ना एक दिवस कळणारच."

"कळू दे. औषध पोटात गेल्यावर कळू दे."

वर्षं गेली. स्वेटरची कोपरं झिजली, रफू झाली. बाह्या धुऊन धुऊन आटल्या, मनगटाच्या चांगल्या चार बोटं वर गेल्या. थंडीत मनगटं निळी पडायची. एक भला माणूस दोन वर्षं तिच्यासाठी तिथं डबा आणून देत होता. शेवटी एकदा धीर करून म्हणाला, "चल माझ्याबरोबर."

"अडीच दिवसांत परत आणून सोडशील?" तिने विचारलं.

तो डबा ठेवून गेला. पुन्हा आला नाही. डबा अजून आहे.

सव्विसाव्या वर्षी औषध आलं. काळमास्तर तोवर काठी टेकत होता. त्याने काचेला पाटी लावली, 'औषध आले, बाहेर या'. कडी निघाली.

घड्याळजी बाहेर आला तो सव्वीस दिवसांची दाढी घेऊन. केस काळेभोर. समोर पिवळ्या स्वेटरमधली पांढऱ्या केसांची म्हातारी.

"किती थकलीस गं," तो म्हणाला.

"बस आधी. औषध घे."

तो बसला नाही. बघतच राहिला. मग तिच्या हातून औषध घेतलं, एका घोटात संपवलं. रिकामा पेला काळमास्तराकडे दिला. तिची बाही चिमटीत धरली आणि मनगटाकडे ओढून बघितली. पुरेना. दुसरी ओढली. तीही पुरेना. तेव्हा त्या आखूड बाहीत तोंड खुपसून तो हमसून हमसून रडला, आणि ती लहान पोराला थोपटावं तशी त्याला थोपटत राहिली.

तर असं सगळं खरं. आता दातांची शपथ घेतली आहे म्हणून कबूल करते, एक गोष्ट तेवढी पदरची घातली. स्वेटर आटला, ती. अहो, जन्म लाँड्रीत गेला माझा. माझ्या हातून लोकर आटेल होय?