उंबऱ्यातली हडळ

कोंडाजींनी मुंबईत राहून भुताचे नऊ सिनेमे लिहिले. प्रत्येकात नायक घरी परततो, तर उंबऱ्यात भाकरतुकडा आणि तांब्या घेतलेली हडळ विचारते, "इतके दिस कुठं होतात?" नायक किंचाळतो.

"आजी, ही हडळ त्यांना सुचली कुठून?" त्यांच्यावर प्रबंध लिहिणाऱ्या राजनंदिनीने उमरठला येऊन त्यांच्या बायकोला विचारलं, आणि मोबाईलवर तो प्रसंग लावला.

नव्वदीच्या गोदूबाई पहिल्यांदाच नवऱ्याचा सिनेमा बघत होत्या. त्यांना हसू आवरेना.

"ह्ये वरसातनं एकदा, शिमग्याला यायचे. मी अशीच दारात भाकरतुकडा ओवाळायची नि ह्येच इचारायची."

"मग ते काय म्हणायचे?"

"काय बोलतात? घाम फुटायचा." एवढ्यात त्या मोबाईलवर वाकल्या. "अगो, लुगडंबी माझंच हाय! मला म्हनाले, चोरीला गेलं."