दिवेलागणीपर्यंत

“मान हलवू नको,” मनकर्णाबाई म्हणाल्या आणि सुनेच्या केसांत पुन्हा फणी घातली.

कोकिळा ओसरीच्या पायरीवर बसली होती, त्या तिच्यामागे एक पायरी वर. शेजारी तेलाची वाटी. कोकिळेला आतून हसू फुटत होतं. लग्नाला तीन वर्षं झाली, सासूनं कधी तिची वेणी घातली नव्हती.

“आत्याबाई, इतकी घट्ट कायले? डोळे ताणून राह्यले माहे.”

“फुगडीले घट्टच पाहिजे. सैल वेणी समोरचीच्या तोंडावर बसते. बरं दिसते का ते?”

सरस्वतीबाईंकडे महालक्ष्म्या बसल्या होत्या. तिसऱ्या प्रहरी हळदीकुंकू, मग अंगणात फुगड्या.

“मामंजी सकाळी चिखलीहून आले ना? लामावरून त्यायचं पत्र नाही आलं?”

फणी थांबली. “पत्र नाही आलं,” मनकर्णाबाई म्हणाल्या. जन्मात त्या खोटं बोलल्या नव्हत्या, आणि हेही खोटं नव्हतं. आली होती ती तार. त्यांचा शेषराव, कोकिळेचा नवरा, दीड वर्षापूर्वी लामावर, पलटणीत, गेला होता. ब्रह्मदेशातल्या लढाईत तो कामी आला, एवढंच तारेत होतं. चिखलीच्या एका मास्तरांनी वाचून दाखवली. तिच्या सासऱ्यांनी, उकंडरावांनी, ती फेट्यात खोचून घरी आणली आणि गोठ्यात, बैलांच्या आडोशाला, बायकोला सांगितली.

“सुतक लागलं आपल्याले,” ते म्हणाले होते. “पोरीले सांगा.”

“आपल्याले लागलं. तिच्या कानावर गेलं नाही, तोवर तिले नाही. दिवेलागणीलोक ती सवाष्ण हाये. तेवढं राहू द्या.”

उकंडराव बैलाच्या पाठीवर हात ठेवून तसेच उभे राहिले. अजून ते तिथेच होते.

सुतकाच्या हातानं कुणाला शिवू नये, हे मनकर्णाबाईंना कुणी शिकवायला नको होतं. सोमवार, चतुर्थी, एकादशी. बत्तीस वर्षांत एक नेम चुकला नव्हता. देवा, हे पाप माझ्या एकटीच्या पदरात घाल, असं मनात म्हणून त्यांनी पेड घातला.

“आत्याबाई, तुळस कोरडी दिसते. पाणी नाही घातलं आज?”

“राहून गेलं.”

“तुमचं? राहून गेलं?” कोकिळा वळून पाहायला लागली.

“मान सरळ.”

वेणी झाली. त्यांनी मेणावर कुंकू रेखलं, रोजच्यापेक्षा अंमळ मोठं. कासोटा आवळून दिला, पदर कमरेला खोचला. मग सुनेला समोर उभी करून त्या म्हणाल्या, “ऐक. मोठ्या बाईचा हात धरायच्या आधी वाकून पाया पडावं. समोरची ठेंगणी असली त आपण वाकावं. ती थकली दिसली का थांबावं, तिले बोलायले लावू नये. अन् हात आपण आधी सोडू नये. पडते बाई.”

“हाव, माय वो! जशी मी पहिल्यांदाच चालली.”

सरस्वतीबाईंच्या दारापर्यंत मनकर्णाबाई गेल्या आणि बाहेर कडूनिंबाखाली थांबल्या. “या ना, कुंकू लावते,” सरस्वतीबाईंनी हाक दिली. “गुडघे धरले आज,” त्या म्हणाल्या. फाटकातून त्यांना अंगण दिसत होतं. कोकिळा एकीचा हात सोडत होती, दुसरीचा धरत होती. प्रत्येक वेळी आधी वाकत होती.

“नवरा लामावर, अन् बाई पाहा कशी नटली!” शेजारची सोजराबाई म्हणाली. तोंडाची फटकळ, पण मनात काही नाही. “कोणाले दाखवतं वं?”

बायका हसल्या. कोकिळेचा हात कमरेच्या पदराकडे गेला.

“म्या नटवली तिले, सोजराबाई,” बाहेरून आवाज आला. “खेळू द्या.”

सोजराबाई वरमली. मग स्वतःच सावरत म्हणाली, “अस्सं का? मंग सासू-सुनेचीच होऊ द्या एक!”

कोकिळा धावत बाहेर आली. शिकवलं होतं तशी आधी पायांशी वाकली आणि वाकूनच राहिली. मनकर्णाबाईंच्या ओठांवर नेहमीचा आशीर्वाद आला, तो तिथेच राहिला.

“ऊठ,” एवढंच त्या म्हणाल्या.

सुनेनं हात पुढे केले. त्यांनी आपले पाठीशी नेले. मग आपण सरस्वतीबाईंच्या अंगणात नाही, बाहेर रस्त्यावर आहोत, हे एकदा पाहून घेतलं, आणि दिले.

पावलं जुळली. गिरकी भरात आली. फाटकातून बायका टाळ्या वाजवत होत्या. कोकिळा मान मागे टाकून हसत होती. वेणी जागची हलत नव्हती.

“हळू. बांगड्या वाढतील.”

“वाढू द्या ना, आत्याबाई! परवा चिखलीचा बाजार हाये. नव्या भरू.”

कडूनिंबाची सावली भिंतीवर चढली होती. आतून सरस्वतीबाईंचा आवाज आला, “अवं, दिवे लावा वो कोणी!”

कोकिळेनं सासूच्या तोंडाकडे पाहिलं आणि पाय मंदावले. “थकल्या? थांबू?”

मनकर्णाबाईंनी नकारार्थी मान हलवली. त्यांचे हात सुनेच्या बोटांवरून वर सरकले, आणि दोन्ही मनगटं त्यांनी बांगड्यांसकट अलगद मुठीत घेतली.

गिरकी चालूच राहिली. बांगड्या तेवढ्या वाजायच्या थांबल्या.